वुडहाऊसच्या दोन गोल्फकथा: मूकपटाला कोणती मानवते?

१९२४ मध्ये ब्रिटनच्या स्टोल पिक्चर्स या चित्रपट कंपनीने इंग्रजी विनोदी लेखक पी. जी. वुडहाऊसच्या गोल्फकथांवर सहा छोटे मूकपट काढले. त्यातल्या दोन कथा शेजारी ठेवून पाहाव्यात.

‘द लाँग होल’मध्ये दोन प्रतिस्पर्धी पहिल्या टीवरून, म्हणजे खेळ सुरू करायच्या जागेवरून, चेंडू टोलवत निघतात ते थेट मैलोन्‌मैल दूरच्या शहरातल्या हॉटेलच्या दाराकडे. वाटेतला प्रत्येक अडथळा म्हणजे आयता विनोद. कॅमेऱ्याने नुसतं मागे जायचं.

‘द क्लिकिंग ऑफ कथबर्ट’ साहित्यमंडळातल्या बोलण्यावर उभी आहे. रशियन कादंबरीकार तोंड उघडतो तेव्हाच खरी गंमत. ती मूकपटातल्या संवादाच्या पाटीवर छापली की वाचेपर्यंत थंडावते.

कथा सांगणाऱ्या ‘ओल्डेस्ट मेंबर’चा, म्हणजे क्लबातल्या सर्वांत जुन्या सभासदाचा, सूर दोन्हीकडे हरवतो, आणि वुडहाऊस वाचण्याचं निम्मं सुख त्या सुरात आहे! तरी पडद्यासाठी मी ‘लाँग होल’च निवडेन.