बदलीचं सामान, अडवलेला ट्रक आणि परत आलेला क्लेम

फौजेत पोस्टिंगची ऑर्डर हातात पडली की घरसामान हलवायचं काम बहुतेक वेळा जवानाच्याच गळ्यात असतं. ट्रक त्यानेच ठरवायचा, पैसे आधी त्यानेच भरायचे आणि मग बिलं लावून सरकारकडे मागायचे. या मधल्या फटीत फसवणारे बसलेले आहेत. त्यांचा धंदा ट्रकवर कमी आणि 'सरकार देणारच आहे ना' या एका वाक्यावर जास्त चालतो. खाली दिलेलं प्रकरण एका हवालदाराचं आहे. ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत, पण साचा इतका ठरलेला आहे की अनेकांना आपलंच वाटेल.

हवालदार, पगाराची लेव्हल ५, मूळ वेतन ४०,४००. जालंधर छावणीतून देवळालीला पोस्टिंग, रस्त्याने अंतर सुमारे १,६०० किलोमीटर. एका वेबसाइटवर नंबर टाकला आणि दहा मिनिटांत पाच-सहा फोन आले, कारण अशा साइट तुमचा नंबर एकाच वेळी अनेकांना विकतात. त्यातला सगळ्यात गोड बोलणारा 'जय हिंद सर'पासून सुरू झाला. रँक कोणती, कुठून कुठे, फॅमिली क्वार्टर आहे का, हे त्याने आधी विचारलं. सामान किती, हे नंतर. व्हॉट्सअ‍ॅपवर ३४,००० चा भाव आला, 'सगळं धरून'. ५,००० टोकन यूपीआयने गेलं, तेही कंपनीच्या नव्हे तर कुणा व्यक्तीच्या खात्यावर. सामान भरताना आणखी १५,००० घेतले. तिसऱ्या दिवशी फोन आला: वजन जास्त भरलंय, ई-वे बिल (मालवाहतुकीसाठी जीएसटीचा ऑनलाइन कागद) काढावं लागलं, हमाल युनियनचे होते, आणखी २६,००० टाका, नाहीतर सामान इंदूरच्या गोडाऊनला उतरवतो आणि रोजचं भाडं लागेल.

देवळालीच्या रिकाम्या क्वार्टरमध्ये बायको-मुलं चटईवर झोपत होती. पैसे गेले. उरलेले १४,००० उतरवण्याआधी रोख घेतले. एकूण ६०,०००. टीव्हीचा पडदा तडकलेला, एक खोकं गायब, आणि हातात एका ओळीचं बिल: 'पॅकिंग अँड ट्रान्सपोर्टेशन, ६०,०००'. तो क्लेम परत आला. बिलावरचा जीएसटी नंबर रद्द झालेला होता आणि गाडीचा नंबर ट्रकचा नव्हताच, मोटारसायकलचा होता. (चारा घोटाळ्यात जनावरं स्कूटरवरून वाहून नेल्याची बिलं निघाली होती, गाडीचा नंबर पडताळला जातो तो अशाच बिलांमुळे.) बदलीसाठी सरकारकडून आधी घेतलेला अ‍ॅडव्हान्स पगारातून कापायला सुरुवात झाली.

आता हिशेब. तो फोन उचलण्याआधी कागदावर मांडायला हवा होता.

बदलीचा प्रवासभत्ता सातव्या वेतन आयोगानंतर १३ जुलै २०१७ च्या वित्त मंत्रालयाच्या आदेशातल्या दरांवर चालतो. त्यातला पहिला भाग सीटीजी, म्हणजे कंपोझिट ट्रान्सफर ग्रँट: दोन ठिकाणांत २० किलोमीटर किंवा जास्त अंतर असेल तर मागच्या महिन्याच्या मूळ वेतनाच्या ८० टक्के. अंदमान-निकोबार आणि लक्षद्वीपला जाताना-येताना १०० टक्के. या हवालदाराचे ३२,३२० होतात. ही ठोक रक्कम आहे. पॅकिंग, घर ते स्टेशन अशी किरकोळ वाहतूक आणि असले खर्च हिच्यातच धरलेले आहेत, ते वेगळे मागता येत नाहीत. बहुतेक जण इथेच चुकतात. पॅकिंगचे १०,००० वाहतुकीच्या बिलात मिसळले की तपासणारा एकतर ते वजा करतो किंवा फोड मागतो.

दुसरा भाग सामानाच्या वाहतुकीचा. रस्त्याने नेल्यास किलोमीटरमागे दर असा होता: लेव्हल ४ आणि खालच्यांना (शिपाई, नाईक) १५ रुपये, १,५०० किलोपर्यंत, लेव्हल ५ ला २५ रुपये, ३,००० किलो, लेव्हल ६ पासून वर, म्हणजे नायब सुभेदार आणि पुढे सगळे अधिकारी, ५० रुपये, ६,००० किलो. महागाई भत्ता ५० टक्के वाढला की हे दर २५ टक्क्यांनी वाढतात असं त्याच आदेशात लिहिलं आहे, आणि भत्ता १ जानेवारी २०२४ पासून ५० टक्क्यांवर गेला. म्हणून १८.७५, ३१.२५ आणि ६२.५०. नवे आदेश आले की आकडे बदलतील, तेव्हा हेड क्लार्ककडून चालू दर एकदा विचारून घ्या. आपल्या हवालदाराचं गणित: १,६०० गुणिले ३१.२५ बरोबर ५०,०००.

पण हे ५०,००० मिळणारच असं नाही. ही वरची मर्यादा आहे. प्रत्यक्ष खर्च त्याहून कमी असेल तर तेवढाच मिळतो, आणि तोही पावती असेल तर. खरं भाडं २८,००० झालं तर २८,०००. खर्च ६०,००० झाला तर वरचे १०,००० खिशातून. म्हणजे त्या ६०,००० च्या बिलाचा कागद अगदी स्वच्छ असता तरीही तोटा होताच. आणि रँक-ठिकाण आधी का विचारलं, तेही आता कळेल. लेव्हल ५ ची मर्यादा किती बसते हे फोनवरच्या त्या मुलाला जवानापेक्षा चांगलं ठाऊक असतं. पहिला भाव मर्यादेच्या बराच खाली, शेवटची मागणी मर्यादेच्या आसपास किंवा थोडी वर, आणि मधे एक वाक्य: 'सर, बिल पूर्ण देतो, क्लेममध्ये निघून जाईल.' म्हणून भाव विचारताना रँक सांगू नका, फौजेत आहात हेही सांगू नका. ट्रंकांवर पांढऱ्या रंगात नंबर, रँक, नाव रंगवलेलं असतं, ते सामानाच्या अंदाजासाठी मागितलेल्या व्हिडिओत दाखवायची गरज नाही.

मोटारसायकलचा खर्च वेगळा मागता येतो (लेव्हल ५ आणि खालच्यांना एक दुचाकी, लेव्हल ६ पासून वर एक मोटार किंवा एक दुचाकी), पण घरसामानाच्या बिलात ती घुसडली की तिचा हिशेब वेगळा काढता येत नाही. रेल्वे पार्सलने पाठवलेली बरी: टाकी रिकामी, आरसीची प्रत, आणि हातात रेल्वेची पावती, जिच्यावर कुणी शंका घेत नाही.

वजनाचा खेळ नीट समजून घ्या, कारण सगळ्यात जास्त पैसे त्याच्यातच जातात. पूर्ण ट्रक तुमचा असेल तरच वजनकाट्याला अर्थ आहे: रिकाम्या गाडीची काटा पावती, भरलेल्या गाडीची काटा पावती, दोन्हींवर तोच गाडी नंबर. पार्ट लोडमध्ये तुमच्या सामानासोबत आणखी तिघांचं सामान असतं, तेव्हा 'काट्यावर २,१०० आलं' या वाक्याला काहीच आधार नसतो. तिथे भाव वजनावर ठरवूच नका, नगांच्या यादीवर ठरवा. अंदाज स्वतः बांधता येतो: लोखंडी कपाट ७० ते ९० किलो, फ्रिज ५० ते ६०, भरलेली काळी ट्रंक ३० ते ४०, बॉक्स पलंग शंभराच्या वर. दोन खोल्यांच्या क्वार्टरचं सामान सहसा हजार-दीड हजार किलोत बसतं. छोटा हत्ती (टाटा एस) साधारण पाऊण टन उचलतो, टाटा ४०७ ट्रक दोन-सव्वादोन टन. कोणी १९ फुटी गाडी सुचवत असेल तर का, ते विचारा.

ई-वे बिलाच्या नावाने पैसे मागणं तर सरळ थाप आहे. वापरलेलं घरगुती आणि वैयक्तिक सामान जीएसटी नियम १३८ च्या जोडपत्रातच ई-वे बिलातून वगळलेलं आहे. चेकपोस्टचं कारण पुढे केलं तर हे सांगा, आवाज लगेच खाली येतो.

ट्रान्झिट इन्शुरन्सचंही तसंच. सामानाची किंमत दोन लाख लिहून त्यावर तीन टक्के, म्हणजे ६,००० घेतात, आणि पॉलिसी कुठेच निघालेली नसते. विमा कंपनीचं प्रमाणपत्र तुमच्या नावाने, पॉलिसी नंबरासह, ट्रक हलण्याआधी हातात आलं नाही तर तो विमा नव्हे. पॅकिंग लिस्टही वाचून सही करा. प्रत्येक वस्तूसमोर मुकादम आधीच 'जुनी, ओरखडे' लिहून ठेवतो. नव्या टीव्हीसमोरही. नंतर तुटफूट दाखवली की तीच यादी तुमच्यापुढे धरतात.

जीएसटी नंबर दोन मिनिटांत तपासता येतो. १५ अक्षरं असतात. पहिले दोन अंक राज्याचे (महाराष्ट्र २७, पंजाब ०३, दिल्ली ०७), पुढची दहा पॅनची. पॅनचं चौथं अक्षर, म्हणजे जीएसटी नंबरातलं सहावं, 'पी' असेल तर तो एकटा माणूस, 'सी' असेल तर कंपनी. लेटरहेडवर 'प्रायव्हेट लिमिटेड' आणि नंबरात 'पी', असं दिसलं की तिथेच थांबा. जीएसटीच्या संकेतस्थळावर नंबर टाकला की नाव, पत्ता आणि नोंदणी चालू आहे की रद्द, हे दिसतं. मोठ्या नावाजलेल्या कंपनीच्या नावात एखादा शब्द जोडून दुकान थाटलेलं असतं, त्यामुळे पोर्टलवरचं नाव आणि बिलावरचं नाव अक्षर-अक्षर ताडा. यूपीआयचं खातंही त्याच नावाचं हवं. 'आर्मी अ‍ॅप्रूव्हड' शिक्का कोणीही छापू शकतो.

क्लेमला लागणारे कागद दोन: बिल आणि बिल्टी, म्हणजे माल ताब्यात घेतल्याची वाहतूकदाराची पावती. बिल्टीवर तारीख, कुठून-कुठे, नगांची संख्या, वजन, भाडं आणि गाडीचा नंबर. सामान भरताना समोर उभ्या गाडीच्या पाटीचा फोटो घ्या आणि तोच नंबर बिल्टीवर लिहिलाय का पाहा; वाटेत गाडी बदलणार असेल तर दुसऱ्या गाडीचा नंबरही लेखी मागा. बिलात भाडं, पॅकिंग, हमाली, कर यांच्या वेगळ्या ओळी हव्यात. अधिकाऱ्यांचे दावे पुण्याच्या पीसीडीए (ओ) या संरक्षण लेखा कार्यालयाकडे जातात, जवानांचे आपापल्या पीएओकडे (पे अकाउंट्स ऑफिस), म्हणजे तोफखान्याचे नाशिकरोडला, मराठा लाइट इन्फन्ट्रीचे बेळगावला. दोन्हीकडे गोल रकमेचं एका ओळीचं बिल डोळ्यात भरतंच.

'दहा टक्के द्या, ५०,००० चं बिल बनवून देतो' हा प्रस्तावही येईल. तो देणारा मोकळा राहतो. खोट्या कागदावर सही तुमची असते, आणि आर्मी अ‍ॅक्ट १९५० च्या कलम ५७ खाली त्याला १४ वर्षांपर्यंत कैद आहे. असे बिलवाले पकडले गेले की त्यांच्या वहीतली सगळी नावं तपासाला येतात.

पैसे देण्याची वाटणी अशी ठेवा: टोकन हजार-दोन हजारांच्या वर नाही, बिल्टी हातात आल्यावर निम्मे, उरलेले नग मोजून उतरवल्यावर. सगळ्या पैशांचा माग बँकेत राहू द्या.

मूव्हमेंट ऑर्डर आणि ओळखपत्राचा फोटो मागतील, 'आर्मी डिस्काउंट'साठी. वाहतूकदाराला यातलं काहीही लागत नाही. हेच फोटो पुढे 'बदली झालीय, फर्निचर स्वस्तात विकतोय' अशा ओएलएक्सवरच्या जाहिरातींत वापरले जातात, आणि पोलिसांचा फोन तुमच्या युनिटला येतो.

ट्रक अडवलाच, तर पहिलं काम म्हणजे मागणी लेखी मिळवणं. फोन ठेवा, 'रक्कम आणि कारण मेसेज करा' एवढं लिहा. गाडी जिथे उभी आहे तिथे ११२ वर तक्रार होते, आणि झीरो एफआयआर कुठल्याही ठाण्यात नोंदवता येतो. वाहतूकदाराने ताब्यातल्या मालाचा अपहार केला तर भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१६(३) मध्ये सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. हे कलम नावानिशी मेसेजमध्ये लिहिलं की पुष्कळदा ट्रक हलतो. टोकन घेऊन माणूस गायब झाला असेल तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा. जितका उशीर, तितकी रक्कम पुढच्या खात्यात सरकलेली. देणं टाळता आलंच नाही, तर बँकेतूनच द्या आणि शेऱ्यात 'नाइलाजाने, वाद राखून' लिहा.

तुटफुटीसाठी कॅरेज बाय रोड अ‍ॅक्ट २००७ लागतो. जास्त किंमत आधी लेखी जाहीर केली नसेल तर वाहतूकदाराची जबाबदारी भाड्याच्या दहापटीपर्यंत असते, आणि दावा करण्याआधी बुकिंगच्या तारखेपासून १८० दिवसांच्या आत लेखी नोटीस जायला हवी. ही मुदत बुकिंगपासून मोजतात, सामान मिळाल्यापासून नाही. ग्राहक आयोगात तक्रार तुम्ही राहता किंवा नोकरी करता त्या जिल्ह्यात दाखल करता येते, जालंधरला जावं लागत नाही. दिलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर फी नाही. नोटीस पोचपावतीसह स्पीड पोस्टाने, बिल्टीवरच्या आणि जीएसटी पोर्टलवरच्या अशा दोन्ही पत्त्यांवर पाठवा. पाकीट 'पत्ता सापडत नाही' म्हणून परत आलं तर ते न फोडता तसंच जपून ठेवा.