डबा कंपनीचा, आत पुठ्ठा

मिस्त्रींनी एक्सा ब्लेडनं माझ्या गाडीच्या इंजिन तेलाचा फिल्टर कापला. आत भोकं पाडलेली लोखंडी नळी असते, कागद तिच्याभोवती गुंडाळलेला असतो. या फिल्टरमध्ये ती नळी पुठ्ठ्याची निघाली. तेल पिऊन ती इतकी मऊ झाली होती की मिस्त्रींनी दोन बोटांनी दाबली आणि ती चेपली. कागदाच्या चुण्या एका बाजूनं सुटून लोंबत होत्या. "हे बघ भावा," मिस्त्री म्हणाले, "तुझं तेल गाळलंच जात न्हवतं. नुसतं फिरत हुतं."

माझी २०१८ ची डिझेल पिकअप आहे, बीएस-४, म्हणजे धुराच्या आधीच्या सरकारी मानकाची. कळे, बाजारभोगाव या भागातल्या गावांतून दूध गोळा करून शीतकरण केंद्रावर पोचवायचं, सकाळ-संध्याकाळ दोन फेऱ्या, दिवसाला १२० किलोमीटरच्या आसपास. गाडी मीच चालवतो. घर तिच्यावरच चालतं, त्यामुळे दर दहा हजार किलोमीटरला तेल आणि फिल्टर बदलायचं मी कधी चुकवलं नाही. माझ्या हिशेबानं मी गाडी नीट सांभाळत होतो. तरी फसलो, म्हणून हे लिहितोय.

फिल्टर जिथून घेतला त्या दुकानाचं नाव लिहीत नाही, कारण तक्रार अजून सुरू आहे. पण त्यानं मला कसं गळाला लावलं ते सांगतो, कारण ते आपल्या कोल्हापुरातच चालतं. पाकिटावर नामांकित कंपनीचं नाव, छापील किंमत ४९० रुपये. तो ३८० ला देत होता. मी विचारलं, एवढा स्वस्त कसा? तो हळू आवाजात म्हणाला, "दादा, हा माल आपल्या एमआयडीसीतनंच सुटतो. कंपनीला जातो तोच. फक्त बिल मागू नका."

मला ते पटलं, आणि का नाही पटणार? शिरोली, गोकुळ शिरगाव, कागल इथं ओतकाम होतं, उद्यमनगरात लेथ चालतात, देशभरातल्या गाड्यांचे सुटे भाग इथून जातात. माझे दोन मामा आयुष्यभर फौंड्रीत राबले. "आपल्याच गावचा माल" म्हटल्यावर कोल्हापूरकराचा हात खिशाकडे जातोच. तो माणूस आपल्या अभिमानाचाच भाव लावून बसला होता. नऊ महिन्यांत मी त्याच्याकडून चार फिल्टर घेतले. तीन लावले, एक केबिनमध्ये जादा ठेवला.

पहिली खूण थंडीत मिळाली होती. पहाटे साडेचारला चावी फिरवली की इंजिन तीन-चार सेकंद खडखडायचं, मग शांत व्हायचं. मला वाटलं थंडीचं असेल. खरं कारण मिस्त्रींनी नंतर समजावलं. चांगल्या फिल्टरमध्ये रबराचा एक पडदा असतो. गाडी बंद झाल्यावर फिल्टरमधलं तेल खाली ओघळून जाऊ नये म्हणून तो अडवून धरतो. तो पडदा नसला किंवा कडक पडला, तर रात्रभरात फिल्टर रिकामा होतो आणि पहाटे इंजिन काही सेकंद तेलाशिवाय फिरतं. ते रोज, असं महिनोन् महिने. माझ्या फिल्टरमधला पडदा सायकलच्या जुन्या ट्यूबसारखा कडक होता.

मग तेल कमी व्हायला लागलं. हजार किलोमीटरला अर्धा लिटर वरून ओतायला लागायचं. खाली थेंब नाही, गळती नाही, मग जातं कुठं? माझ्या डोळ्यांसमोर जात होतं, मी बघत नव्हतो.

बघितलं ते दूध संस्थेच्या दारात उभ्या असलेल्या बायकांनी. पहाटे मी गाडी सुरू ठेवूनच कॅन चढवायचो. फेब्रुवारीत एक दिवस एक म्हातारी आजी पदर नाकाला लावून म्हणाली, "आरं लेकरा, गाडी बंद कर की. धार काढून आलोय, दुधाला वास लागंल." तिच्या शेजारी तिची नात उभी होती, शाळेच्या गणवेशात, आणि खोकत होती. मी मागं जाऊन बघितलं तर सायलेन्सरमधून निळसर धूर जमिनीलगत पसरत होता. त्यानंतर मी संस्थेत गाडी बंदच करायला लागलो, पण तिथवर येताना ती धूर सोडतच यायची, फुलेवाडीतून, रंकाळ्याच्या कडेनं, सकाळी फिरायला निघालेल्या माणसांच्या नाकासमोरून. हे आठवलं की आजही बरं वाटत नाही.

धुराचा रंग ओळखायला शिका, एवढं मी कुणालाही सांगेन. काळा धूर म्हणजे डिझेल नीट जळत नाही. निळा धूर म्हणजे इंजिनचं तेल जळतंय. पिस्टनच्या रिंगा आणि लायनर, म्हणजे पिस्टन ज्यात वर-खाली होतो ती नळी, झिजले की तेल वर चढतं आणि डिझेलबरोबर जळून बाहेर पडतं.

मार्चमध्ये पीयूसी संपली. केंद्रावर नळी सायलेन्सरमध्ये घालून ॲक्सिलरेटर दाबायला लावला. बीएस-४ डिझेल गाडीला धुराच्या घनतेची मर्यादा १.६२ आहे. माझा आकडा २.९ आला. तिथल्या पोरानं सहज विचारलं, "वरचे थोडे देताय का, बघतो काहीतरी." त्या दिवशी पैसे दिले असते तर फिल्टर कधीच कापला गेला नसता. मी गाडी तशीच उद्यमनगरात मिस्त्रींकडं नेली.

त्यांनी इंजिन चालू ठेवून तेल ओतायचं झाकण काढलं. आतून भकाभका वाफ आली. "बॅक कॉम्प्रेशन मारतंय," म्हणाले, म्हणजे झिजलेल्या रिंगांमधून जळका वायू खाली इंजिनात शिरतोय. एअर फिल्टर बघितला, तो चांगला होता. मग त्यांनी तेलाचा फिल्टर काढून हातात घेतला, वजन केल्यासारखा दोन वेळा वर-खाली केला, आणि न बोलता एक्सा ब्लेड उचललं.

इंजिनमध्ये दोन पृष्ठभाग एकमेकांना टेकू न देणारा तेलाचा थर केसापेक्षाही कितीतरी पातळ असतो. माणसाचा केस साधारण ७० मायक्रॉन जाड. १० ते २० मायक्रॉनचे कण सगळ्यात वाईट, कारण ते त्या थरात नेमके अडकतात आणि दोन्ही बाजूंना घासत राहतात. डोळ्याला न दिसणारा पॉलिश पेपरच तो. चांगला कागद हेच कण धरतो. शिवाय फिल्टरमध्ये एक झडप असते. कागद पूर्ण तुंबला किंवा थंडीत तेल घट्ट झालं तर ती उघडते आणि न गाळलेलं तेल जाऊ देते, कारण अजिबात तेल न मिळण्यापेक्षा घाण तेल परवडलं. नकली फिल्टरमध्ये या झडपेचा स्प्रिंग इतका ढिला होता की ती जवळजवळ कायम उघडीच असणार, असं मिस्त्रींचं म्हणणं. शिवाय गाळपाचा हंगाम, उसाच्या ट्रॉल्या, धुळीचे रस्ते. सगळं खापर मी फिल्टरवर फोडणार नाही, गाडी दीड लाखाच्या वर चालली होती. पण नऊ महिन्यांपूर्वी ती तेल खात नव्हती, हेही खरं.

इंजिन खोललं. रिंगा, लायनर, बेरिंगं, सगळं बदलावं लागलं. ७२,००० रुपये आणि अकरा दिवस गाडी बंद. तेवढे दिवस दुसऱ्याची गाडी भाड्यानं लावून फेऱ्या केल्या. फिल्टरमागं वाचवलेले ११० रुपये, चार वेळा.

पैशाचं नुकसान मी भरून काढेन. पण गेलेला धूर परत आणता येत नाही. तेलाच्या धुरातले कण अतिशय बारीक असतात, २.५ मायक्रॉनपेक्षाही कितीतरी लहान, थेट फुप्फुसाच्या तळापर्यंत जाणारे. आपलं कोल्हापूर केंद्राच्या २०१९ च्या राष्ट्रीय स्वच्छ हवा कार्यक्रमातल्या शहरांच्या यादीत आहे, ते उगीच नाही. ती हवा बिघडवणाऱ्यांत नऊ महिने माझाही वाटा होता, आणि मला त्याचा पत्ता नव्हता.

नव्या गाडीवाल्यांनी निर्धास्त राहू नये. १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ हे धुराचं नवं, कडक मानक आलं. या डिझेल गाड्यांना सायलेन्सरच्या वाटेवर काजळी अडवणारी जाळी असते, डीपीएफ म्हणतात तिला. काजळी अडकते आणि अधूनमधून गाडी ती स्वतःच जाळून टाकते. पण इंजिनचं तेल जळलं तर त्यातल्या जस्त, कॅल्शियमसारख्या घटकांची राख त्या जाळीत बसते, आणि राख जळत नाही. साठतच जाते. तेल खाणारं इंजिन पाचशे रुपयांच्या फिल्टरपायी ती महागडी जाळीही तुंबवतं. माझ्या चुलतभावाची गाडी बीएस-६ आहे आणि तोही त्याच दुकानातून फिल्टर नेत होता. त्याला मी त्याच संध्याकाळी फोन केला.

आता केबिनमधल्या जादा फिल्टरबद्दल. तो मी कापला नाही, पुरावा म्हणून ठेवलाय. पण मिस्त्रींनी तो पांढऱ्या कागदावर उलटा धरून हलकेच आपटला. "नव्या" फिल्टरमधून कागदावर एक काळा थेंब पडला. मग त्यांनी कडेला नखानं खरवडलं. वरचा रंग निघाला आणि खाली दुसरा रंग दिसला. आट्यांमध्येही रंगाचे शिंतोडे होते, जे नव्या मालात कधीच नसतात. म्हणजे कुणाच्या तरी गाडीतून काढलेला फिल्टर बाहेरून धुऊन, रंग मारून, पाकिटात घालून मला विकला होता.

आणि पाकीट? ते अस्सल होतं. होलोग्राम, बॅच नंबर, सगळं खरं. कंपनीच्या ग्राहक क्रमांकावर मी फोटो पाठवले तेव्हा त्यांनी सांगितलं की पाकिटावरचा नंबर आणि डब्यावरचा नंबर जुळत नाही. रिकामी पाकिटं आणि जुने फिल्टर भंगारात गोळा होतात, तिथून ती परत बाजारात येतात. ती भंगारात टाकतं कोण? आपणच. गॅरेजच्या कोपऱ्यात मी स्वतः किती वेळा रिकामं खोकं धडधाकट तसंच टाकून आलोय.

जुन्या फिल्टरचं खरं ठिकाण भट्टी. डबा चांगल्या पोलादाचा असतो, वितळवून पुन्हा वापरता येतो, आणि भंगार वितळवणाऱ्या भट्ट्यांना आपल्याकडं तोटा नाही. पण त्यात तेल राहिलं तर भट्टीतूनही धूरच निघणार. म्हणून तो आधी निथळायला हवा. वापरलेलं तेल २०१६ च्या नियमांप्रमाणे घातक कचऱ्यात मोडतं. ते परवानाधारक पुनर्प्रक्रियावाल्याकडं गेलं तर त्यातून पुन्हा तेल तयार होतं, आणि १ एप्रिल २०२४ पासून तेल उत्पादकांवरही त्याची जबाबदारी टाकलीय. आपल्याकडं मात्र काळं ऑईल सेंट्रिंगच्या फळ्यांना फासलं जातं, भट्टीत जाळलं जातं, नाहीतर गटारीत ओततात. गटारीतून जयंती नाला, नाल्यातून पंचगंगा.

विकत घेताना काय बघायचं, ते मिस्त्रींनी मला शिकवलं तसं सांगतो. फिल्टर हातात घ्या, हलका लागला तर संशय धरा. मधल्या भोकातून मोबाईलच्या टॉर्चनं आत बघा, लोखंडी नळी दिसली पाहिजे. बाजूच्या बारीक भोकांमागं रबराचा पडदा दिसला पाहिजे, काडीनं दाबल्यावर लवचीक लागला पाहिजे. आट्यांना बोट लावून बघा, रंग किंवा जुन्या तेलाचा वास नको. पाकिटावरचा आणि डब्यावरचा नंबर जुळवा. आणि बिल घ्या. बिल नसल्यामुळे माझी तक्रार लंगडी पडतेय. माझ्याकडं फक्त मोबाईलवरून पैसे दिल्याची नोंद आहे, तीच आता कामाला येतेय.

दुकानदाराकडं गेलो तेव्हा तो म्हणाला, "आम्हाला वरनंच असा आला." ३८० रुपये परत देऊ केले. मी घेतले नाहीत. १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली, आता जिल्हा ग्राहक आयोगात जायची तयारी चाललीय. "तुझी धंद्याची गाडी, तू कसला ग्राहक" असं मला दोघांनी सांगितलं. तसं नाही. स्वतःच्या पोटासाठी स्वतः चालवणारा माणूस २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात ग्राहकच धरला जातो. ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, मुदत दोन वर्षं. नकली ट्रेडमार्कचा माल विकणाऱ्याला १९९९ च्या ट्रेडमार्क कायद्यात सहा महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आहे, तेव्हा पोलिसांतही अर्ज दिलाय.

गेल्या आठवड्यात इंजिनकामानंतरची पहिली सर्व्हिस झाली. फिल्टर काढल्यावर मिस्त्रींनी गरम असतानाच त्याच्या बुडावर जुना स्क्रू-ड्रायव्हर ठेवून हातोडा मारला. दोन भोकं पाडली आणि तो एका डब्यावर उलटा ठेवला. रिकामं पाकीट त्यांनी माझ्या हातात दिलं. मी त्याचे चार तुकडे केले. दुसऱ्या दिवशी सकाळी फेरी संपवून गेलो तेव्हा डब्यात चहाचा कप भरेल एवढं काळं तेल जमलं होतं. मिस्त्रींनी ते पिंपात ओतलं, झाकण लावलं आणि भोकं पडलेला फिल्टर भंगाराच्या पोत्यात टाकला.