कॉम्प्रेसर नेब्युलायझर: काही महिन्यांच्या वापरानंतरचा अनुभव

वडिलांच्या सीओपीडीसाठी (श्वासमार्ग अरुंद करणारा फुप्फुसांचा जुनाट आजार) डॉक्टरांच्या सल्ल्याने घेतलेल्या, द्रव औषधाचे तुषार करून श्वासावाटे देणाऱ्या या यंत्राचे काम चोख आहे, आवाज मात्र एवढा की पहाटे लावले तर घरातले सगळे जागे होतात. मेश पद्धतीचा नेब्युलायझर जवळजवळ निःशब्द चालतो, पण त्याची बारीक जाळी तुंबू नये म्हणून फार जपावे लागते. रोजच्या वापराला मला हा दणकट प्रकारच बरा वाटतो.

औषध फुप्फुसात किती पोहोचते, हे यंत्राप्रमाणेच घेण्याच्या पद्धतीवरही अवलंबून असते. साधारण 1 ते 5 मायक्रॉन आकाराचे तुषारच खालच्या श्वासनलिकांपर्यंत जातात, आणि मास्क सैल असेल तर त्यांतले बरेचसे हवेतच विरतात. वडिलांना काचबिंदू असल्यामुळे इप्राट्रोपियम या श्वासनलिका मोकळ्या करणाऱ्या औषधाचे तुषार डोळ्यांत जाऊ नयेत म्हणून डॉक्टरांनी मास्कऐवजी ओठांत धरायचा माउथपीस सुचवला आणि तोच कायम ठेवला. ताठ बसून, ओठ घट्ट मिटून, संथ श्वास घेतला की पाच-दहा मिनिटांत औषध संपत येते. मग फवारा अडखळून फुरफुरू लागतो. त्या वेळी कपाला टिचकी मारली की कडेला चिकटलेले थेंब खाली उतरतात. तळाशी थोडे औषध उरतेच, त्यासाठी ताटकळण्यात अर्थ नाही. औषध ब्युडेसोनाइड (एक स्टिरॉइड) असेल तर नंतर चूळ भरणे आवश्यक आहे, अन्यथा तोंडात बुरशीचा संसर्ग होऊ शकतो.

खरा कंटाळा स्वच्छतेचा. प्रत्येक वेळी कप व माउथपीस धुऊन, पाणी झटकून, उघड्यावर पूर्ण सुकवावे लागतात, कारण ओलसर कपात जंतू वाढतात. नळी मात्र धुवायची नसते; तिच्यात दमटपणा दिसला तर कप काढून यंत्र थोडा वेळ नुसते चालू ठेवावे.

भेटायला येणाऱ्यांना हे ऑक्सिजनचे यंत्र वाटते (समजावून मी थकलो), पण ते खोलीतलीच हवा दाबाने सोडते. शिवाय ज्याला स्पेसर (इनहेलरला जोडायचे पोकळ नळकांडे) लावून इनहेलर नीट घेता येतो, त्याला साध्या त्रासात तेवढाच गुण येतो. वडिलांना धाप लागली की इनहेलर दाबणे आणि श्वास ओढणे यांचा मेळ बसत नाही आणि स्पेसर धरलेला हातही कापतो, म्हणून आमच्याकडे या यंत्राला पर्याय उरला नाही. मात्र ठरल्यापेक्षा वारंवार ते लावावे लागले, तर आम्ही पुढचा डोस न वाढवता डॉक्टरांना फोन करतो.