शासनव्यवहार आणि संघर्षाचा अभ्यास : विद्यापीठात की संशोधन संस्थेत?

सोलापुरात राज्यशास्त्रात एम.ए. करणाऱ्याला घरातून पहिला सल्ला मिळतो तो स्पर्धा परीक्षेचा. परंतु प्रशासन चालवणे आणि ते कोठे, का अडते हे शोधणे ही दोन निराळी कामे आहेत. ज्यांना दुसरे काम करायचे आहे, त्यांच्यापुढे मुख्यतः दोन वाटा असतात : पीएच.डी. करून विद्यापीठात संशोधन व अध्यापन, किंवा धोरणविषयक संशोधन संस्थेतील नोकरी.

2021 मध्ये भीमेवरील उजनी धरणाचे 5 टीएमसी पाणी पुणे जिल्ह्यातील इंदापूरला देण्याच्या निर्णयाविरुद्ध आपल्या जिल्ह्यात आंदोलन उभे राहिले आणि तो आदेश मे महिन्यात रद्द झाला. अशा वेळी संस्थेतील संशोधकाने थोड्या आठवड्यांत मुलाखती घेऊन शिफारशींसह अहवाल द्यावा, अशी अपेक्षा असते. भीमेच्या पाण्यावर कोणाचा हक्क कसा ठरत गेला, हा प्रश्न विद्यापीठातील अभ्यासक वर्षानुवर्षे धरून ठेवू शकतो. अमेरिकी राज्यशास्त्रज्ञ एलिनॉर ऑस्ट्रॉम यांचा 1965 चा पीएच.डी. प्रबंध कॅलिफोर्नियातील भूजलाच्या व्यवस्थापनावर होता. सामायिक संसाधनांवरील कामासाठी त्यांना अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले ते 2009 मध्ये.

पैशाचा विचार मात्र आधी करावा. नेट या राष्ट्रीय पात्रता परीक्षेतून जेआरएफ (कनिष्ठ संशोधन शिष्यवृत्ती) मिळाल्यास पहिली दोन वर्षे दरमहा 37,000 आणि पुढे 42,000 रुपये मिळतात. त्यासाठी खुल्या गटातील पुरुष उमेदवारांना वयाची अट 30 वर्षांची आहे आणि पीएच.डी.ला किमान तीन वर्षे लागतात. सहायक प्राध्यापकाचे मूळ वेतन 57,700 रुपयांपासून सुरू होत असले, तरी कायम जागा निघण्याची वाट पाहत अनेकांची उमेदीची वर्षे तासिका तत्त्वावर सरतात. म्हणून जेआरएफ हाती नसेल, तर पूर्णवेळ पीएच.डी.साठी घर सोडू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. संस्थेत पगार पहिल्या महिन्यापासून मिळतो. मात्र प्रकल्पाचा निधी संपला की करारही संपतो आणि विषय बहुधा निधी देणाराच ठरवतो.

मराठीबरोबर तेलुगू किंवा कन्नड बोलणाऱ्या सोलापूरकराला दोन्हीकडे मोठी जमेची बाजू आहे. एका पाहणीसाठी मी सोलापूरच्या पूर्व भागातील एका घरी गेलो होतो. ‘पाणी नियमित येते का?’ या प्रश्नाला तेथील बाईंनी मराठीत ‘येतं की’ एवढेच उत्तर दिले. सोबतच्या मुलीने तेच तेलुगूत विचारल्यावर त्यांनी दिनदर्शिका उतरवली, पाणी आलेल्या दिवसांवरच्या पेन्सिलीच्या खुणा दाखवल्या आणि कोणाच्या गल्लीची चावी आधी सुटते, कोणाचा फोन गेल्यावर सुटते, हेही सांगितले. माझ्या हातातील प्रश्नावलीत ‘होय’ आणि ‘नाही’ असे दोनच रकाने होते. अहवालात ‘होय’ गेले. त्या खुणांच्या मागे जाण्यासाठी मला पीएच.डी.चीच वाट धरावी लागली.