जुना सम्राट गेला, आता कोण? कॉन्स्टँटिनोपल, फ्रँकफर्ट आणि पीटर्सबर्ग: आधी कुठला वारसा वाचायला घ्यावा

आमच्या वाचनकट्ट्यावर दर पावसाळ्यात एक मोठा विषय घेतात. चार महिने, पंधरवड्याला एक बैठक, म्हणजे हातात आठ रविवार. यंदा युरोपातले सम्राट घ्यायचे ठरले आणि पहिल्याच चर्चेत तीन तट पडले. कोणाला बायझंटाइन, म्हणजे कॉन्स्टँटिनोपलचं पूर्व रोमन साम्राज्य, हवं, कोणाला जर्मनांचं पवित्र रोमन साम्राज्य, कोणाला रशिया. तिन्ही थोडं थोडं घेऊ, असा समंजस तोडगा निघाला तेव्हा मी आडवा आलो. आठ रविवारांत तीन साम्राज्यं घेतली की नावं पाठ होतात आणि दिवाळीपर्यंत तीही विसरतात. घ्यायचं तर एकच घ्या.

कुठलं घ्यायचं हे ठरवायला मी एक प्रश्न पुढे ठेवला: जुना सम्राट मेल्यानंतरची पहिली रात्र कोणाच्या ताब्यात असायची? तिन्हीकडे उत्तर इतकं वेगळं आहे की निवड त्यावरच करता येते.

कॉन्स्टँटिनोपलमध्ये ती रात्र शहराची असे. गादी कोणाला जावी याचा लेखी कायदा तिथे १४५३ साली शहर पडेपर्यंत झालाच नाही. सैन्य, सिनेट आणि नगरजन यांनी जयघोष करायचा, पॅट्रिआर्कने, म्हणजे तिथल्या मुख्य धर्मगुरूने, आयासोफिया या मोठ्या चर्चमध्ये मुकुट चढवायचा, ही जुनी रोमन रीत चालू राहिली. मुलालाच गादी मिळावी असं वाटलं तर बापाने स्वतःच्या हयातीत त्याला सहसम्राट करून ठेवायचं. शिवाय राजवाड्यात जांभळ्या दगडाने मढवलेलं बाळंतपणाचं एक दालन होतं. राज्यावर असलेल्या सम्राटाला तिथे झालेलं मूल ते 'पोर्फिरोजेनिटस', जांभळ्या दालनात जन्मलेलं. कायद्याने याला काही अर्थ नव्हता. लोकांच्या लेखी किती होता, ते १०४२ च्या एप्रिलमध्ये दिसलं.

झोई ही सम्राटाची लेक, जांभळ्या दालनातली. तिच्याशी लग्न करून आधी एक जण सम्राट झाला, तो गेल्यावर दुसरा. या दुसऱ्याच्या हयातीत तिने त्याचा भाचा मायकेल याला दत्तक घेतलं आणि डिसेंबर १०४१ मध्ये हा दत्तकपुत्र पाचवा मायकेल म्हणून गादीवर आला. बाप जहाजांच्या फटी बुजवण्याच्या धंद्यातला, म्हणून लोक त्याला 'कालाफातीस', फटी बुजवणारा, असंच म्हणत. चार महिन्यांत त्याला वाटलं, आता म्हातारीची गरज नाही. तिचे केस कापून, संन्यासिनीचे कपडे चढवून तिला जवळच्या बेटावर धाडलं आणि शहराच्या चौकात तसं जाहीर वाचून दाखवलं. ते वाचन नीट पार पडलं नाही. गर्दी उसळली, बायका रस्त्यावर आल्या, नातेवाइकांचे वाडे फुटले. घाबरलेल्या मायकेलने झोईला परत आणून हिप्पोड्रोममध्ये, म्हणजे शर्यतींच्या मैदानात, लोकांना दाखवलं, पण अंगावर अजून संन्यासिनीचेच कपडे! लोक आणखी भडकले. त्यांनी मठात राहत असलेल्या तिच्या धाकट्या बहिणीला, थिओडोराला, काढून आणलं आणि तिला आयासोफियात मुकुट घातला. मायकेल एका मठाच्या देवळात लपला होता. तिथून त्याला ओढून काढलं आणि रस्त्यात त्याचे डोळे काढले. मायकेल सेलॉस हा दरबारी अधिकारी देवळात हजर होता. वेदीला चिकटून बसलेला सम्राट पाहून आपल्यालाच रडू आलं, असं त्याने लिहून ठेवलंय. पुढे दोघी बहिणींनी मिळून जेमतेम दोन महिने राज्य केलं, मग झोईने तिसरं लग्न केलं आणि नवा सम्राट आणला.

डोळे का, असा प्रश्न प्रत्येकाला पडतो. सम्राट देहाने अव्यंग हवा, अशी समजूत होती. म्हणजे ठार मारायचं पाप न घेता माणूस शर्यतीतून बाद. आधी नाक कापत, पण ६९५ साली नाक कापून हाकललेला दुसरा जस्टिनियन ७०५ साली परत येऊन गादीवर बसला, तेव्हा तो उपाय कच्चा ठरला. ७९७ साली आयरीनने पोटच्या मुलाचे डोळे काढवले आणि स्वतः राज्य केलं. गादीवर बाई आहे म्हणजे ती रिकामीच आहे, हे निमित्त पश्चिमेत सापडलं आणि ८०० सालच्या नाताळात पोपने रोममध्ये फ्रँकांचा राजा शार्लमेन याला सम्राटाचा मुकुट घातला. आठव्या मायकेलने तर १२६१ च्या नाताळच्या दिवशी बालसम्राट चौथ्या जॉनचे डोळे काढवले. त्या दिवशी पोराचा अकरावा वाढदिवस होता. पॅट्रिआर्कने मायकेलला बहिष्कृत केलं, पण गादी त्याच्याच घराण्यात राहिली, थेट शेवटच्या सम्राटापर्यंत.

गोष्टीरूप वाचन हवं असेल तर याच्या तोडीचं काही नाही. अडचण एकच: एका प्रसंगावरून पुढच्याचा अंदाज बांधता येत नाही. नियम नाही, त्यामुळे तो मोडण्यातली मजाही नाही. चौथ्या रविवारी कोणीतरी विचारणारच, 'आता याचे डोळे कोणी काढले?'

फ्रँकफर्टकडे, म्हणजे जर्मनांच्या पवित्र रोमन साम्राज्याकडे, वळलं की एकदम कचेरीत शिरल्यासारखं वाटतं, आणि माझं मन तिथेच रमतं. जर्मन राजा पूर्वीपासून निवडणुकीनेच ठरत असे. रोमला जाऊन पोपच्या हातून मुकुट घेतला की तो सम्राट. निवडायचं कोणी आणि कसं, हे धूसर असल्यामुळे भानगडी भरपूर झाल्या. १२५७ साली एकाच गादीवर दोघं निवडून आले: इंग्लंडच्या राजाचा भाऊ रिचर्ड आणि कॅस्टिलचा राजा दहावा अल्फोन्सो. अल्फोन्सोने तर जर्मनीत कधी पाऊलही टाकलं नाही. १३१४ साली पुन्हा दोघं, आणि निकाल लागायला १३२२ ची लढाई व्हावी लागली.

या सगळ्याला कंटाळून सम्राट चौथ्या चार्ल्सने १३५६ साली सुवर्णमुद्रांकित फर्मान काढलं. आमच्या कट्ट्यावर कोणीही वाचून समजेल इतकं ते रोखठोक आहे. मतदार सात: माइंत्स, ट्रियर आणि कोलोनचे आर्चबिशप, बोहेमियाचा राजा, ऱ्हाइनचा पॅलेटाइन काउंट, सॅक्सनीचा ड्यूक, ब्रांडेनबर्गचा मार्ग्रेव्ह. सम्राट गेल्याची खबर मिळताच माइंत्सच्या आर्चबिशपने महिन्याभरात सगळ्यांना कळवायचं, तीन महिन्यांत फ्रँकफर्टला जमायचं. प्रत्येकाने दोनशेपर्यंत घोडेस्वार आणावेत, पण त्यातले शस्त्रधारी पन्नासच. पहिलं मत ट्रियरचं, शेवटचं माइंत्सचं. चार मतं पडली की निवड झाली. तीस दिवसांत निर्णय नाही झाला, तर त्यानंतर मतदारांना फक्त भाकरी आणि पाणी. तोवर राज्य वाऱ्यावर नाही. पॅलेटाइन काउंट आणि सॅक्सनीचा ड्यूक आपापल्या भागात कारभार पाहणार. पोपच्या संमतीबद्दल फर्मानात अवाक्षर नाही. ज्याचं नाव घेणंही टाळलं, त्याला किती पद्धतशीर वगळलंय पाहा.

यातली खरी गंमत मला बऱ्याच उशिरा लक्षात आली. सम्राट निवडून यायचा, पण बिगरधर्मी मतदारांची स्वतःची संस्थानं अविभाज्य आणि थोरल्या मुलाकडे जाणारी, असं हेच फर्मान सांगतं. म्हणजे उमेदवार मतांवर आणि मतदार वारसाहक्काने! एवढं कळलं की पुढची साडेचारशे वर्षं आपोआप उलगडतात. मत ही घराण्याची मिळकत झाली, आणि मिळकतीला भाव येतोच.

तो भाव १५१९ साली उघड झाला. जानेवारीत सम्राट मॅक्सिमिलियन गेला. त्याचा नातू, स्पेनचा राजा चार्ल्स, तेव्हा एकोणीस वर्षांचा. समोर फ्रान्सचा पहिला फ्रान्सिस. जूनच्या २८ तारखेला चार्ल्स एकमताने निवडून आला. त्या एकमताचा खर्च होता सुमारे साडेआठ लाख गुल्डन (सोन्याची नाणी), आणि त्यातले पाच लाख त्रेचाळीस हजारांच्या आसपास ऑग्सबर्गच्या याकोब फुगर या सावकाराचे. वसुली रखडली तेव्हा फुगरने १५२३ साली सम्राटाला पत्र घातलं: माझ्याशिवाय महाराजांना हा मुकुट मिळाला नसता, हे जगजाहीर आहे. सम्राटाला असं लिहिणारा सावकार बाकीच्या दोन राजधान्यांत सापडायचा नाही. मतदारांनीही नुसते पैसे घेतले नाहीत. चार्ल्सकडून अटींचा करारनामा लिहून घेतला, आणि तो पायंडा पुढच्या प्रत्येक निवडणुकीत चालू राहिला.

हॅब्सबर्गांनी, म्हणजे मॅक्सिमिलियन आणि चार्ल्सच्या घराण्याने, या पद्धतीवर तोडही काढली. बाप जिवंत असतानाच मुलाला किंवा भावाला 'रोमनांचा राजा' म्हणून निवडून घ्यायचं, मग पहिल्या रात्रीचा प्रश्नच उरत नाही. १४३८ ते १७४० ही तीनशे वर्षं प्रत्येक सम्राट त्यांचाच. कागदावर निवडणूक, व्यवहारात वतन. मराठी वाचकाला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

पीटर्सबर्ग, म्हणजे रशिया, मी थोडक्यात आटोपतो, कारण तिथला आपल्या कामाचा काळ पाऊणशे वर्षांचाच आहे. पहिल्या पीटरने १७२१ साली 'सम्राट' ही पदवी घेतली. थोरला मुलगा अलेक्सी त्याआधीच, १७१८ मध्ये, बापाच्या कैदेत मेला होता. १७२२ साली पीटरने कायदा केला की वारस सम्राटाने स्वतःच्या मर्जीने नेमावा, आणि १७२५ मध्ये कोणालाही न नेमता तो स्वतःच गेला. त्या रात्रीपासून निर्णय राजवाड्याबाहेर उभ्या असलेल्या गार्ड पलटणींचा. पीटरची विधवा पहिली कॅथरिन त्यांच्याच जोरावर आली. सहावा इव्हान दोन महिन्यांचा असताना सम्राट झाला. वर्ष-सव्वा वर्षात, १७४१ च्या नोव्हेंबरातल्या एका रात्री, पीटरची मुलगी एलिझाबेथ पलटणीच्या बराकीत गेली, शिपाई घेऊन आली आणि पाळण्यातल्या सम्राटासकट सगळ्यांना अटक केली. ते पोर कैदेतच वाढलं. १७६४ साली एका अधिकाऱ्याने त्याला सोडवायचा प्रयत्न केला, तेव्हा पहारेकऱ्यांनी आधीच मिळालेल्या हुकुमाप्रमाणे त्याला मारून टाकलं. दोनच वर्षांपूर्वी दुसरी कॅथरिन नवऱ्याला खाली खेचून गादीवर आली होती. तिच्या मुलाने, पॉलने, १७९७ मध्ये राज्याभिषेकाच्या दिवशीच थोरल्या मुलाच्या वारसाहक्काचा कायदा केला. १८०१ साली त्याचा स्वतःच्या शयनगृहात खून झाला. आणि गादी? कायद्याप्रमाणे थोरल्या मुलाकडे.

तिन्ही शेजारी शेजारी ठेवून पाहायचं तर एक गोष्ट कामाला येते: हरणाऱ्याचं काय व्हायचं? कॉन्स्टँटिनोपलमध्ये डोळे जायचे किंवा मठ मिळायचा, रशियात किल्ल्यातली कोठडी. जर्मनीत १४०० साली निर्वाचकांनी, म्हणजे त्या मतदारांनी, राजा वेन्झेलला निकम्मा ठरवून पदावरून काढलं, तर तो आणखी एकोणीस वर्षं बोहेमियाचा राजा म्हणून जगला. अर्थात जर्मन काही संत नव्हते. १३०८ साली राजा पहिल्या अल्बर्टला त्याच्या पुतण्यानेच मारलं.

बायकांचा हिशेब नेमका उलटा लागतो. ज्या दोन ठिकाणी रक्त सांडलं तिथे बाई स्वतःच्या नावाने राज्य करू शकली. रशियात तर अठराव्या शतकात चौघी झाल्या. जिथे शिस्तीत मतदान झालं तिथे एकही नाही. आमच्या कट्ट्यावरच्या दोघींनी याच मुद्द्यावर बायझंटाइनला मत दिलं, आणि त्यांचं चुकलं असं मला म्हणता आलं नाही.

तरीही माझं मत फ्रँकफर्टला, आणि सुरुवात १३५६ पासून करू नका. १७४० पासून करा. त्या ऑक्टोबरात हॅब्सबर्ग सम्राट सहावा चार्ल्स मुलगा न ठेवता गेला. मुलगी मारिया थेरेसा हिला खानदानी मुलूख मिळावा म्हणून त्याने १७१३ पासून सगळ्यांच्या सह्या जमवल्या होत्या, पण सम्राटपद बाईला मिळणं शक्यच नव्हतं. डिसेंबरात प्रशियाचा फ्रेडरिक सायलेशियात घुसला. गादी पंधरा महिने रिकामी राहिली. शेवटी बव्हेरियाचा चार्ल्स आल्बर्ट निवडून आला, १२ फेब्रुवारी १७४२ ला त्याला फ्रँकफर्टमध्ये मुकुट चढला आणि दोनच दिवसांत ऑस्ट्रियाच्या फौजेने त्याची राजधानी म्युनिक घेतली. मुकुट डोक्यावर, पण जायला घर नाही. तो १७४५ मध्ये मेला आणि निर्वाचकांनी मारिया थेरेसाच्या नवऱ्याला निवडलं. ती फ्रँकफर्टला सोहळा पाहायला गेली, पण सम्राज्ञी म्हणून स्वतःला अभिषेक करून घ्यायला तिने साफ नकार दिला. कायदा, पैसा, फौज, बाईचा हक्क, सगळं पाच वर्षांत मावतं; मागे १३५६ कडे आणि पुढे १८०६ कडे कधीही जाता येतं. त्या साली दुसऱ्या फ्रान्सिसने नेपोलियनच्या धाकाने हे साम्राज्यच मोडीत काढलं.

शेवटी मतं पडली पाच विरुद्ध चार. पहिल्या रविवारी सात जण निर्वाचक होणार आहेत, नावांच्या चिठ्ठ्या मी करून नेतोय. ट्रियर आधी बोलेल, माइंत्स शेवटी, आणि अर्ध्या तासात निकाल लागला नाही तर वडे आत जातील, बाहेर फक्त पाव आणि पाणी. उरलेल्या दोघांतला एक उमेदवार आणि एक फुगर. उमेदवार व्हायला अजून कोणी तयार नाही. फुगर व्हायला दोघंही.