लाईटसेबरच्या नावाखाली माझे 16,590 रुपये गेले, तुमचे जाऊ देऊ नका

आधीच सांगतो, मी काही पहिल्यांदा ऑनलाइन खरेदी करणारा माणूस नाही. दोन महिने वाचत होतो, लाईटसेबर म्हणजे स्टार वॉर्स पिक्चरमधली ती उजेडाची तलवार, तिचे प्रकार बेसलिट काय, निओपिक्सेल काय, सगळं माहीत होतं, आणि तरी फसलो, त्याचाच जास्त संताप येतोय.

स्टार वॉर्सचं वेड शाळेपासूनचं. नोकरीला नऊ वर्षं झाली, स्वतःसाठी कधी काही घेतलं नव्हतं, म्हणून यंदा बोनसमधून पिक्चरच्या हिरोचा, ल्यूकचा, तो पहिला निळा सेबर घ्यायचं ठरवलं. इन्स्टाग्रामवर एक पेज दिसलं, 11,500 रुपये, बाकी ठिकाणी वीसच्या आसपास सांगत होते. भिवंडीत गोडाऊन आहे, स्टॉक रेडी. फोनवरचा माणूस इतका जाणकार की 1977च्या पिक्चरमधली ती मूठ ग्राफ्लेक्सच्या जुन्या प्रेस कॅमेऱ्याच्या फ्लॅशच्या नळीपासून बनवली होती, लाल बटणही त्या फ्लॅशचंच, हे त्यानेच सांगायला सुरुवात केली. मला वाटलं एवढं माहीत असलेला माणूस आपल्यातलाच असणार.

व्हिडिओ कॉलवर मी म्हणलं, ब्लेड काढून दाखवा. त्याने काढलं आणि मूठ कॅमेऱ्यासमोर धरली, फार तर दोन सेकंद. आत काचेचं एक भिंग चमकलं. निओपिक्सेलच्या मुठीत भिंग नसतंच हो, तिथे बारीक सोनेरी पिना असतात, कारण एलईडीची पट्टी ब्लेडच्या आत असते, म्हणून तर पातं मुळापासून टोकापर्यंत सरकत पेटतं. बेसलिटमध्ये दिवा मुठीत, ब्लेड नुसती पोकळ नळी, अख्खी एकदम उजळते. पेजवरच्या व्हिडिओत सेबर सरकत पेटत होता आणि याच्या हातात दुसराच होता. मला ते दिसलं. दिसलं आणि मी तोंड उघडलं नाही, कारण तो म्हणाला शेवटचा पीस आहे, दुसरं गिऱ्हाईक लाईनवर आहे, आणि मी यूपीआय पिन टाकून मोकळा झालो. ते भिंग अजून डोळ्यासमोरून जात नाही.

मग कस्टमचे 3,240. भिवंडीतल्या मालाला कस्टम कशाचं, हे मी विचारलं होतं, नाही असं नाही, त्याने शिक्क्याचं बिल पाठवलं. मग 1,850, का तर आत 18650ची लिथियम बॅटरी, कुरिअर वेगळा चार्ज लावतं. हे पटण्यासारखं होतं, लिथियमला खरंच नियम असतात. पार्सल आलं, ओटीपी दिला, उघडलं तर झटका दिला की लांब होणारी जत्रेतली प्लास्टिकची तलवार. बायको समोर उभी होती, तिला मी चार हजार सांगितले होते.

ओटीपी आधी देऊ नका, बॉक्स उघडतानाचा अखंड व्हिडिओ काढा.

सायबर फसवणुकीच्या हेल्पलाईनला, 1930 ला, तिसऱ्यांदा फोन लागला, तक्रार नंबर मिळाला, बस. चौकीत गेलो तर हवालदार म्हणाला तलवार मागवली? हत्यार आहे का? नाही म्हणलं, लाईटची आहे, तर सगळी चौकी हसली, साहेबांनी विचारलं मूल किती वर्षाचं आहे. मूल नाही, माझ्यासाठी घेतली, हे बोलताना मान खाली गेली माझी. का जावी? मोबाईल चोरीला गेला असता तर हसले असते का? 16,590 रुपये ते 16,590 रुपयेच ना! मग म्हणाले सायबर पोलिसांकडे जा, तिथे म्हणाले तुमच्या हद्दीत द्या, परत चौकीत आलो तर साहेब बंदोबस्ताला. बँक म्हणते पिन तुम्हीच टाकला, आम्ही काय करणार. कुरिअरवाले म्हणतात ओटीपी दिला म्हणजे डिलिव्हरी झाली. ग्राहक हेल्पलाईन 1915 वर विक्रेत्याचा पत्ता आणि जीएसटी नंबर मागतात, तो असता तर मी एवढ्या चकरा मारल्या असत्या का? तीन हाफ डे गेले यात.

पैसे गेल्याचं कळलं की त्याच मिनिटाला 1930, घरच्यांना काय सांगू याचा विचार नंतर. मी लाजेपायी एक रात्र घालवली. प्रत्येक पेमेंटचा 12 आकडी यूटीआर नंबर, म्हणजे व्यवहार क्रमांक, लिहून ठेवा, सगळे तेच मागतात. आणि सेबर घेणारे असाल तर ब्लेडचं बूड आणि मुठीचं तोंड एकाच शॉटमध्ये दाखवायला लावा, मग त्याच शॉटमध्ये पेटवायला लावा.

तक्रारीवर अजून 'प्रक्रियेत' एवढंच दिसतंय. काल तोच व्हिडिओ नव्या नावाच्या पेजवर बघितला, मागे तीच हिरव्या फुलांची चादर, किंमत आता 10,999.