सर्टिफिकेट खरं, लाकूड चोरीचं

फसलेल्या खरेदीदाराचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं: "पण सर्टिफिकेट तर खरं होतं!" बहुतेक वेळा ते खरंच खरं असतं. कोड बरोबर, मुदत शिल्लक, कंपनीचं नाव जुळणारं. तरीही वखारीत उतरलेला माल कुठल्यातरी राखीव जंगलातून तोडून आणलेला असू शकतो, कारण चोरीचं लाकूड विकायला खोटा कागद लागतोच असं नाही. खऱ्या कागदावर ते चढवलं की पुरतं. इंटरपोल आणि संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण विभागाने २०१२ साली मांडलेल्या अंदाजानुसार जगातल्या लाकूड व्यापारापैकी १५ ते ३० टक्के माल बेकायदा तोडीचा आहे. हा सगळा माल चोरबाजारात खपत नाही. त्यातला बराचसा रीतसर बिलावर, तुमच्याआमच्यासारख्या प्रामाणिक गिऱ्हाइकाला विकला जातो.

सगळ्यात साधी फसवणूक बिलात असते. विक्रेता एफएससी (फॉरेस्ट स्टुअर्डशिप कौन्सिल, लाकूड जबाबदारीने सांभाळलेल्या जंगलातलं असल्याची खूण देणारी आंतरराष्ट्रीय योजना) सर्टिफिकेटची पीडीएफ पाठवतो आणि खरेदीदार निश्चिंत होतो. ती पीडीएफ एवढंच सांगते की या कंपनीला प्रमाणित माल हाताळता येतो. तुमचा माल प्रमाणित आहे, असं ती कुठेही म्हणत नाही. तसं म्हणायचा अधिकार बिलाला आणि डिलिव्हरीच्या कागदाला. मालाच्या त्याच ओळीत 'एफएससी १००%' किंवा 'एफएससी मिक्स' असा स्पष्ट दावा हवा आणि त्याच बिलावर विक्रेत्याचा सर्टिफिकेट कोड हवा. लेटरहेडच्या कोपऱ्यात छापलेला लोगो म्हणजे दावा नव्हे. एकाच वखारीतून प्रमाणित आणि अप्रमाणित असा दोन्ही माल विकणं नियमात बसतं, म्हणूनच ही पळवाट इतकी सोयीची आहे. 'एफएससी कंट्रोल्ड वूड' असं लिहिलेलं असेल तर तो खालचा दर्जा आहे. त्यावर लोगो लावून पुढे ग्राहकाला विकता येत नाही.

कोड एफएससीच्या सार्वजनिक डेटाबेसमध्ये स्वतः टाकून बघा, विक्रेत्याने पाठवलेल्या लिंकवरून नको. सर्टिफिकेट चालू आहे, निलंबित आहे की रद्द झालंय, हे लोक पाहतात आणि तिथेच थांबतात. त्याच्या खाली उत्पादनांची आणि झाडांच्या जातींची यादी असते. फसवणूक तिथे सापडते. यादीत फक्त पाइनचं चिराऊ लाकूड असेल आणि तुम्हाला सागाच्या फळ्या विकल्या जात असतील, तर ते सर्टिफिकेट तुमच्या मालापुरतं निरुपयोगी आहे. मधल्या दलालाचंही तेच. मालाची मालकी ज्याच्या नावावर एकदाही आली, अशा प्रत्येकाकडे स्वतःचं सर्टिफिकेट हवं. एक कडी सुटली की त्यापुढे दावा करता येत नाही.

आता खरी चलाखी. ती जंगलातच, तोडीच्या आधी होते.

कायदेशीर तोडीसाठी आधी झाडांची मोजणी होते: जात, छातीच्या उंचीवरचा व्यास, सरळ खोडाची लांबी. त्यावरून घनफळ निघतं आणि तेवढ्याचा परवाना मिळतो. समजा, एका झाडाचा व्यास ६० सेंटिमीटर आणि खोड १२ मीटर आहे. खोड वर निमुळतं होतं म्हणून ०.७ ने गुणलं, तर घनफळ सुमारे २.४ घनमीटर भरतं. मोजणीदाराने तेच झाड ८० सेंटिमीटर आणि १६ मीटर लिहिलं की कागदावर ५.६ घनमीटर होतात. एका झाडामागे ३.२ घनमीटरचा परवाना हवेतून तयार झाला. त्या जागी शेजारच्या संरक्षित जंगलातलं किंवा आदिवासींच्या जमिनीवरचं झाड तोडून भरायचं. काही ठिकाणी तर स्वस्त जातीच्या झाडावर महाग जातीचं नाव लिहितात, किंवा अस्तित्वातच नसलेली झाडं नोंदवतात. ब्राझीलच्या पारा राज्यात इपे या डेक-फ्लोअरिंगच्या महागड्या लाकडाबाबत असा फुगवटा संशोधकांनी २०१८ मध्ये दाखवून दिला. पुढे २५ नोव्हेंबर २०२४ पासून इपे साइटीस (धोक्यातल्या प्राणी-वनस्पतींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरचा करार) कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात आलं. म्हणजे आता सीमेपलीकडे पाठवताना साइटीसचं परमिट लागतं.

पेरूमधल्या याकू कायपा जहाजाचं प्रकरण याच जातीचं. २०१५ मध्ये या जहाजातून अमेरिकेतल्या ह्यूस्टनला गेलेला १७७० टन माल अडवला गेला. कागदपत्रं भरपूर होती. पेरूच्या तपासणी यंत्रणेची माणसं कागदावरच्या तोडीच्या जागा प्रत्यक्ष पाहायला गेली, तेव्हा घोळ बाहेर आला.

म्हणून विक्रेत्याकडे परवान्याचा क्रमांक आणि तोडीच्या प्लॉटचे अक्षांश-रेखांश मागा. युरोपीय संघाने २०२३ मध्ये केलेल्या कायद्यात प्लॉटचं स्थान देणं बंधनकारकच केलं आहे, त्यामुळे 'असं कोणी मागत नाही' हे उत्तर ऐकून घेऊ नका. स्थान मिळालं की सेंटिनेल-२ उपग्रहाची फुकट मिळणारी चित्रं उघडा. निवडक तोडीत एकेक झाड पडलेलं १० मीटरच्या चित्रात दिसेलच असं नाही. पण ओंडके ओढायचे रस्ते आणि ते रचून ठेवायची मोकळी जागा सहसा दिसते. शेकडो घनमीटर माल निघाल्याचा दावा आणि प्लॉटपर्यंत एकही रस्ता नाही, असं असेल तर तो प्लॉट फक्त कागद पुरवतोय.

हेक्टरी आकडाही तपासा. ब्राझीलच्या नियमांत यांत्रिक तोडीत हेक्टरी कमाल ३० घनमीटर, तेही सगळ्या जाती मिळून, आणि पुन्हा त्याच जागी यायचं ते २५ ते ३५ वर्षांनी. बियांसाठी प्रत्येक जातीची काही मोठी झाडं उभी ठेवावी लागतात. जंगल टिकवून तोड करणं म्हणजे हेच हिशेब पाळणं. एकाच जातीचा हेक्टरी आकडा अवाच्या सवा असेल, तर तो माल त्या प्लॉटमधला नाही.

चोरीचा माल भरायला कागदावर अशी रिकामी जागा गिरणीतही तयार करता येते. उष्ण कटिबंधातल्या कठीण लाकडाच्या ओंडक्यातून चिरकामानंतर साधारण निम्मं किंवा त्याहूनही कमी लाकूड हाती लागतं, बाकी भुसा आणि तुकडे. प्रत्यक्षात १०० घनमीटर ओंडक्यांतून ३५ घनमीटर फळ्या निघाल्या आणि कागदावर ५० दाखवल्या, तर १५ घनमीटर चोरीच्या फळ्या बिनबोभाट आत येतात. विक्रेत्याला सरळ विचारा: किती ओंडके घेतले, किती माल काढला? ७० टक्के उतारा सांगणाऱ्याकडून माल घेऊ नका.

माल उतरल्यावर गठ्ठ्याच्या वरच्या फळ्या बघून सही करू नका. मधल्या फळ्या काढा, टोक धारदार ब्लेडने स्वच्छ तासा, पाण्याचं बोट फिरवा आणि १० पट भिंगातून पाहा. महोगनी म्हणून मेरांटी खपवतात. मेरांटीच्या टोकावर राळेच्या नळ्यांच्या बारीक पांढऱ्या रेषा वलयाच्या दिशेने धावतात, खऱ्या महोगनीत त्या नसतात. सागात वलयाच्या सुरुवातीला मोठ्या छिद्रांची रांग, हाताला तेलकटपणा आणि चामड्यासारखा वास येतो. फक्त रंगावर कधीच जाऊ नका, रंग चढवता येतो. बिलावर शास्त्रीय नाव लिहून घ्या. 'रोजवूड' या एका नावाखाली अनेक जाती विकतात आणि डालबर्जिया हा शिसवाचा सगळा वंश २ जानेवारी २०१७ पासून साइटीसखाली आहे.

भिंगाने जात कळते, गाव कळत नाही. रशियाच्या अतिपूर्वेतला मंगोलियन ओक आणि इतर पांढरे ओक भिंगाखाली वेगळे करता येत नाहीत. त्यासाठी प्रयोगशाळेत स्थिर समस्थानिकांची (एकाच मूलद्रव्याच्या कमी-जास्त वजनाच्या अणूंची) चाचणी लागते. त्या भागातल्या पाण्याची आणि मातीची खूण लाकडात उतरलेली असते, पण तुलनेला तिथले खात्रीचे नमुने लागतात. मोठ्या खरेदीत हा खर्च करावाच.

करार करतानाच लिहून घ्या की दावा, जात किंवा मूळ चुकीचं निघालं तर माल परत आणि पैसे परत. शेवटचा हप्ता तपासणीनंतरच द्या. बाजारभावापेक्षा बराच स्वस्त प्रमाणित माल दिसला की थांबा. झाडांचे नकाशे काढणं, तोडीआधी वेली कापणं, बाजूची झाडं न मोडता ठरलेल्या दिशेला झाड पाडणं, दरवर्षीची तपासणी, हे सगळं पैसे खातं. चोराला यातलं काहीच करावं लागत नाही.

संशय आला तर माल वेगळा रचा, इतर मालात मिसळू नका, पुढे विकू नका. अमेरिकेच्या लेसी कायद्यातल्या (बेकायदा तोडलेल्या लाकडाच्या व्यापारावर बंदी घालणारा कायदा) २००८ च्या दुरुस्तीनंतर आणि युरोपातल्या २०१३ पासून लागू झालेल्या नियमांनंतर 'मला माहीत नव्हतं' एवढं सांगून सुटका होत नाही. वेगवेगळ्या गठ्ठ्यांतल्या फळ्यांचे तुकडे कापून त्यावर गठ्ठ्याचा क्रमांक आणि तारीख घाला, टॅगचे फोटो काढा, आणि बिल जोडून सर्टिफिकेट देणाऱ्या संस्थेकडे लेखी तक्रार करा, सोबत वनखात्याला किंवा कस्टम्सला प्रत. विक्रेत्याला फोन करायची घाई नको. आधी नमुने सुरक्षित ठेवा, मग बोला.